मुकेकाकांचा पहारा

ता. २ मार्च

चि. धाकट्यास,
ताईचे भरभरून आशीर्वाद. वि. वि.

मी फोन उचलत नाही म्हणून तू एव्हाना गावातल्या चार लोकांना पिडलं असशील. माझा फोन पोलिसांकडे जमा आहे. त्यात धमक्या आहेत, म्हणून तो आता पुरावा झालाय, आणि पुराव्यावर बोलता येत नाही. नवा घेऊ नका, नवा नंबर त्यांना लगेच कळेल, असं वकीलबाई म्हणाल्या. तेव्हा पत्रावर भागव. तुझं अक्षर वाचायला चष्मा लागतो, आणि चष्मा तूच केलेला आहे, म्हणजे दोन्हीकडून तक्रार तुझ्याकडेच.

घाबरू नकोस असं लिहिलं की तू आधी घाबरतोस, म्हणून सरळ सांगते. कोर्टाने मला पोलीस संरक्षण दिलं आहे. जिवाला आणि मालमत्तेला धोका आहे, असं हुकमात चक्क छापलंय. मालमत्ता म्हणजे दोन शिलाई मशिनं, कापायचं टेबल, वरच्या दोन खोल्या आणि बाबांचा कपडे चढवून बघायचा पुतळा, आपले मुकेकाका. ते अजून खिडकीत तसेच उभे आहेत, तीन पायांचे, बिनडोक्याचे, मानेच्या जागी लाकडी गोळा. तू प्रगतीपुस्तक आधी त्यांना दाखवायचास, कारण ते ओरडत नसत. हुकमाची प्रत मीही आधी त्यांनाच दाखवली.

शेजारच्या हॉटेलवाल्या शेठजींना आपला कोपरा हवाय, हे तुला ठाऊक आहे. त्यांच्या नव्या फाटकात मोठी गाडी वळत नाही, कारण मध्ये मी बसले आहे. आधी त्यांनी स्वतः विचारलं, मी नाही म्हटलं. मग त्यांनी एक माणूस पाठवायला सुरुवात केली. त्याचं नाव मी मधाचं बोट ठेवलंय. आवाज असा की साखरेलाही लाज वाटावी. आणि मदतीला कायम पुढे! पहिल्या दिवशी आला तेव्हा त्याने खाली पडलेली बॉबिन उचलून, दोरा गुंडाळून हातात दिली आणि म्हणाला, ताई, कापड फार लवकर पेटतं हो, काळजी वाटते. जाताना आपली तिरकी झालेली पाटी सरळ करून गेला. माझी धमकी आणि माझी पाटी, दोन्ही एकाच माणसाने नीट लावली.

दुसऱ्या आठवड्यात खिडकीची काच दगडाने फुटली. मग फोन सुरू झाले. आवाज दुसरे, मजकूर तोच. चौकीत गेले तर साहेब म्हणाले, काही झालं की या. मी विचारलं, झाल्यावर येणार कोण? त्यावर त्यांनी पंखा मोठा केला. शेवटी वकीलबाईंकडे गेले. आठवते ना, जिचा पहिला काळा कोट मी शिवला? तोच घालून ती उभी राहिली आणि हुकूम घेऊन आली. पुढच्या तारखेपर्यंत रोज दिवसभर दुकानात एक हवालदार, रात्री गस्त. त्या तारखेला चौकीचा अहवाल बघून संरक्षण ठेवायचं की काढायचं, ते ठरेल.

हवालदार कालपासून आलेत. देह असा, की दारात उभे राहिले की गिऱ्हाईक आत येऊ शकत नाही. स्टुलावर बसवलंय. स्टूल अजून तरी टिकलंय.

खरं सांगू? भीती वाटते. मशीनपाशी पाण्याची बादली भरून ठेवते आणि दिवसातून तीनदा बघते, आहे ना. पण चाळीस वर्षं ज्या खिडकीच्या उजेडात सुई ओवली, ती मी कुणाच्या गाडीच्या वळणासाठी सोडणार नाही.

धाकटीला आशीर्वाद. माया आहे ती ठेव, सल्ला थोडा कमी पाठवलास तरी चालेल.

तुझी ताई

ता. ६ मार्च

ती. ताईस,
तुझ्या धाकट्याचा साष्टांग नमस्कार. वि. वि.

पत्र वाचलं. दोनदा वाचलं. मग दुकानात गेलो आणि एका आजोबांना उजव्या डोळ्याचा नंबर डाव्याला लावून दिला. ते म्हणाले, आता मागचं चांगलं दिसतंय. माझी अवस्था यावरून ओळख.

तू सल्ला नको म्हणतेस, म्हणून याला सल्ला म्हणू नकोस. ही विनवणी आहे. सोड ते दुकान. ज्या माणसाला बॉबिन गुंडाळता येते, त्याला काडी ओढणं काय अवघड? आमच्याकडे मागची खोली रिकामी आहे. त्यात माझ्या जुन्या फ्रेमांची खोकी आहेत, ती मी हलवतो. तिथेही खिडकी आहे. समोर भिंत आहे हे खरं, पण भिंत पांढरी आहे.

पोलीस असले तरी किती दिवस? आणि कोर्ट म्हटलं की माझ्या पायात गोळे येतात. एकदा साक्षीला बोलावलं होतं, सायकलच्या धडकेच्या. माझं नाव विचारलं तेव्हा मी बाबांचं सांगितलं होतं, विसरली नसशील. आपल्या घरात धीट तू एकटीच निघालीस, बाकीच्यांच्या वाट्याचं धाडस तुलाच मिळालं. पण म्हणून ते सगळं एकाच म्हातारपणात वापरायलाच हवं असं नाही.

हवालदारांना बसायला दुसरं काही दे. त्या स्टुलाला खालून एक खिळा वर आलेला आहे. माझ्या तीन चड्ड्या त्याने खाल्ल्या आहेत.

तुझ्या मायेवर जगणारा,
धाकटा

ता. क. ती. वन्संना नमस्कार. ह्यांच्या पत्राकडे फार लक्ष देऊ नका. मागच्या खोलीत फ्रेमांची खोकी आहेत, आणि खोक्यांमागे उंदीर आहेत, हे ह्यांनी लिहिलेलं नाही. तुम्ही आलात तर आनंदच, पण हरून येऊ नका.
– धाकटी

ता. ११ मार्च

चि. धाकट्यास,
आशीर्वाद, आणि धाकटीला तुझ्यापेक्षा एक जास्त.

खिळ्याची सूचना एक दिवस उशिरा पोहोचली. ते पुढे सांगते.

आधी गल्लीची बातमी. दारात पोलीस दिसल्यावर लोकांनी काय समजावं? ताईंना अटक झाली! दुकानातच डांबून ठेवलंय, शिवणकाम करायची तेवढी सवलत आहे. दोन दिवस कुणी फिरकलं नाही. तिसऱ्या दिवशी पलीकडच्या मास्तरीणबाई आल्या. कोटाचं माप द्यायचं निमित्त. हळूच कानाशी लागून विचारलं, नक्की काय केलंत हो? मी म्हटलं, शेठजींना नाही म्हटलं. त्यांना इतकं आवडलं की कोटाबरोबर दोन पडदेही टाकून गेल्या. तेव्हापासून रांग आहे. प्रत्येकीला हवालदार बघायचेत.

हवालदार तसे लाख माणूस. नुसतं बसून त्यांना अवघडल्यासारखं होतं. पहिल्या दिवशी रस्त्याकडे बघितलं, दुसऱ्या दिवशी माझ्याकडे बघितलं, तिसऱ्या दिवशी म्हणाले, ती बटणं द्या इकडे. त्यांच्या बोटांत सुई म्हणजे हत्तीच्या सोंडेत टाचणी; पण लावलेलं बटण असं घट्ट बसतं की शर्ट फाटेल, बटण निघणार नाही. गिऱ्हाइकं आता सरकारी बटण मागून घेतात.

हे सगळं छान चाललंय, आणि तीच पंचाईत आहे. परवा चौकीचे साहेब बघून गेले. अहवालात लिहिणार म्हणाले, परिसरात शांतता आहे, संरक्षणाची गरज दिसत नाही. अरे, मांजर दारात बसलंय म्हणून उंदीर दिसत नाहीत. हे म्हणतात, उंदीर नाहीत, तर मांजर परत न्यावं! वकीलबाई म्हणाल्या, पुढच्या तारखेला हेच आपल्याविरुद्ध वाचलं जाईल. आणि मधाचं बोट हल्ली येत नाही, समोरच्या फुटपाथवरून नुसतं हसून पुढे जातं. येतं तेव्हापेक्षा मला याचीच जास्त धास्ती वाटते.

आता खिळा. सोमवारी हवालदार स्टुलावरून उठले, पण गणवेशाची पाठ आणि बूड स्टुलावरच राहिलं. दुसऱ्या दिवशी त्यांच्याकडे कपड्यांची तपासणी. बिचारे भिंतीला पाठ लावून उभे. मी त्यांना आमच्या ह्यांचा, त्यांच्या माघारी जपून ठेवलेला, पट्ट्यापट्ट्यांचा पायजमा दिला, वर चहाला पाठवलं आणि गणवेश शिवायला घेतला. बाबांचा नियम तू विसरला नसशील: कपडा शिवला की माणसाला देण्याआधी मुकेकाकांना विचारायचा. एक दुपार त्यांच्या अंगावर राहू द्यायचा, शिवण कुठे ओढते ते आपोआप दिसतं. मी तसंच केलं. टोपी कुठे ठेवू म्हणून मानेच्या गोळ्यावर ठेवली.

दुपारी दार लावून मीही वर गेले. खिडकीतून बघते तर काय, शेठजी आपल्या बाजूने येत होते, त्यांनी खिडकीकडे पाहिलं आणि रस्ता ओलांडून पलीकडे गेले. पेपरवाल्याने तर मुकेकाकांना सलाम ठोकला. बाहेरून अर्धा पडदा आणि टोपीची सावली, कोण ओळखणार? हवालदार पायजम्यात इतके हसले की चहा सांडला.

तेव्हापासून त्यांचा दुसरा गणवेशही इथेच आहे. कंबर सैल करायला दिलाय, असं आम्ही एकमेकांना सांगतो. ते जेवायला किंवा चहाला वर आले की खाली मुकेकाकांचा पहारा. इतकी वर्षं फुकट उभे होते, आता सरकारी नोकरीला लागले.

लोभ आहेच. दोऱ्यासारखा आहे, लांबला तरी तुटत नाही.

तुझी ताई

ता. १५ मार्च

ती. ताईस,
नमस्कार. वि. वि.

मुकेकाकांचं वाचून धाकटी दिवसभर हसत होती. मी हसलो नाही. म्हणजे आधी हसलो, मग विचार केला. अगं, कोर्टाने माणूस दिलाय आणि तू खिडकीत लाकूड उभं करतेस! कुणाला कळलं तर हवालदारांची नोकरी जाईल आणि तुझं संरक्षणही. ताबडतोब बंद कर. हा मात्र सल्लाच आहे.

एक चांगली गोष्ट सांगतो. गेल्या आठवड्यात दुकानात एक गृहस्थ आले, तुझ्याच गावचे निघाले. चष्मा करायचा होता. इतका सोज्ज्वळ माणूस मी कित्येक दिवसांत पाहिला नाही. मी फ्रेम काढायला स्टूल शोधतोय, तोवर त्यांनी स्वतःच चढून वरचा डबा उतरवून दिला. डोळे तपासताना माणूस अंधारात बसतो, मग गप्पा निघतातच. तुझं दुकान त्यांना माहीत होतं. मग काय, बाबांचा विषय निघाला, लहानपणचा निघाला. शाळेतून उशीर झाला की आपण दप्तरासकट मागच्या दाराने कसे शिरायचो, तेही सांगितलं. पोट धरून हसले. अगदी बारकाईने विचारत होते, म्हणजे खरंच रस होता. असे ऐकणारे हल्ली मिळतात कुठे?

त्यांचंही मत पडलं की एकट्या बाईने या वयात भावाजवळ राहावं. बघ, परक्यालाही कळतं.

तारखेला काय झालं ते लगेच कळव. तुझ्या पत्राची वाट बघताना मी दाराशीच बसतो. गिऱ्हाइकांना वाटतं, त्यांच्या स्वागताला बसलोय.

माया आटू देऊ नकोस.

धाकटा

ता. २० मार्च

चि. धाकट्यास,
आशीर्वाद. आज जरा हात राखून.

तारीख झाली. सगळं नीट सांगते, मग शेवटी तुझ्याकडे वळते.

चौकीचा अहवाल वाचला गेला: शांतता आहे. मग शेठजींचे वकील उठले. त्यांनी एक मोठा फोटो न्यायाधीशांपुढे ठेवला आणि म्हणाले, हेच ते पोलीस संरक्षण! फोटोत आपले मुकेकाका, पाठमोरे. गणवेशाला पाठीवर माझ्या टाचण्या, खाली तीन लाकडी पाय. म्हणाले, ज्या बाईला जिवाची भीती आहे, ती पुतळ्याच्या भरवशावर बसते का? सगळं कोर्ट हसलं. न्यायाधीश रुमालात खोकले, पण तो खोकला नव्हता. हवालदार माझ्या शेजारी उभे होते. त्यांना इतका घाम फुटला की मीच हातरुमाल दिला. माझ्या बटणांपायी माणसाची भाकरी जाते की काय, असं झालं मला. तुझा सल्ला बरोबर होता. हे वाक्य जपून ठेव, पुन्हा मिळणार नाही.

वकीलबाई मात्र हसल्या नाहीत. त्यांनी फोटो मागून घेतला, उजेडाकडे धरला आणि समोरच्या वकिलांना विचारलं, फोटो घेणारा कुठे उभा होता? ते म्हणाले, रस्त्यावर. मग बाईंनी विनंती केली, की फोटोत नव्या काचेवर दुकानाचं नाव रंगवलेलं आहे ते जरा वाचून दाखवावं. अक्षरं उलटी! पुढे कापायचं टेबल, त्यावर माझी कात्री आणि माझा अर्धा प्यायलेला चहा. फोटो माझ्या बंद दुकानाच्या आतून घेतलेला होता.

न्यायाधीशांनी चष्मा लावून फोटो पुन्हा बघितला. शेठजींच्या माणसांचंही बरोबर आहे म्हणा, समोरून मुकेकाका हवालदारच दिसतात, सोंग उघडं पाडायचं तर मागूनच फोटो घ्यायला हवा होता. पण त्या नादात आपण कुणाच्या घरात उभे आहोत, याचा त्यांना विसर पडला.

मग मधाचं बोट पुढे आलं. गोड आवाजात म्हणालं, फोटो मीच काढला, समेटाचं बोलायला गेलो होतो, मागचं दार सताड उघडं होतं, हाक मारली, कुणी नव्हतं. मी शपथेवर सांगितलं की खिट्टी मी स्वतः लावली होती. त्यांचे वकील म्हणाले, लावलेली खिट्टी बाहेरून उघडत नाही आणि काही मोडलेलंही नाही, म्हणजे दार उघडंच होतं, म्हणजे भीतीच खोटी.

न्यायाधीशांनी ठरवलं ते असं. तीस तारखेला कोर्टाचे कमिशनर दुकानात येऊन दार बघतील, दोन्ही बाजू हजर राहतील. खिट्टी लावलेलं दार बाहेरून उघडता येतं असं आम्ही दाखवलं, तर संरक्षण राहील आणि शेठजींना लांब राहायचा हुकूम होईल. नाही दाखवता आलं, तर हवालदार परत. तोवर पहारा चालू, पण गणवेशात हवालदारांनी स्वतः असावं, असं त्यांनी मुद्दाम लिहवून घेतलं.

आता तुझ्याकडे. त्या दाराच्या आडव्या पट्टीखाली खांदा घालून दार वर उचललं आणि मग खाली पायाने टोला दिला की आतली खिट्टी आपसूक पडते, हे जगात दोघांना माहीत. त्यातली एक मी. मी दोन दिवस डोकं खाजवत होते. काल तुझं पंधरा तारखेचं पत्र आलं. अरे चष्मेवाल्या! दुसऱ्यांना दूरचं दाखवतोस आणि तुझ्या खुर्चीत बसलेलं मधाचं बोट तुला दिसलं नाही? डबा उतरवून दिला तेव्हाही नाही? त्याला चष्मा तरी नीट करून दिलास ना, म्हणजे फोटो इतका स्पष्ट का आला ते कळेल.

रागावले नाही. आधी रागावले होते, पत्र लिहिता लिहिता उतरला. पण एक काम आहे. मशीन चालवून माझा उजवा खांदा कधीचाच आखडलाय, कान खाजवायला सुद्धा डावा हात लागतो. ते दार मला उचलत नाही. तुला यावं लागेल.

वाट बघते.

ताई

ता. २३ मार्च

ती. ताईस,
कोणत्या तोंडाने नमस्कार लिहू? तरी लिहितो.

पत्र वाचून मी तसाच खाली बसलो. चष्म्याच्या काचांवर. ताई, मी त्याला दुसऱ्यांदा चहा पाजला गं. जाताना हात जोडून म्हणालो, पुन्हा या. आला की तो, फक्त तुझ्याकडे.

तुझ्या घरात आग लावायची किल्ली मी हसत हसत दिली, हे मनातून जात नाही. त्यापुढे कोर्टाची भीती मोठी वाटायला नको. पण वाटते. कमिशनर, दोन वकील, पोलीस, सगळे उभे राहून बघणार आणि मी खांदा लावणार. नाव विचारलं आणि पुन्हा बाबांचं सांगितलं तर? शेवटचं ते दार उघडलं तेव्हा माझ्या ओठांवर मिशी नव्हती. आता पट्टीखाली शिरायचं तर वाकायला लागेल, आणि वाकलं की मी लगेच सरळ होत नाही.

काल मी आमच्या कपाटावर सराव केला. कपाट उघडलं नाही, पण वरची बरणी पडली.

मी येईन असं लिहितो आहे. हात कापतो आहे, अक्षरावरून दिसत असेल.

तुझा,
नालायक धाकटा

ता. क. ती. वन्संना नमस्कार. अक्षर ह्यांचं नेहमीच असं असतं, हात कापण्याचा संबंध नाही. पिशवी भरली आहे. तिकीट काढलं आहे. एकोणतीसला सकाळी मी स्वतः गाडीत बसवून देईन आणि गाडी हलेपर्यंत खिडकीशी उभी राहीन. चष्म्याच्या दोन-चार डब्या बरोबर देते आहे, रागाच्या भरात एखादी कुणाला फेकून मारायची असेल तर.
– धाकटी

ता. १ एप्रिल

चि. सौ. धाकटीस,
खूप खूप आशीर्वाद.

हे पत्र मुद्दाम तुला. तुझा नवरा वर झोपला आहे. पाठ धरली आहे, पण काळजी नको, बातमी चांगली आहे. तो परतल्यावर तुला स्वतःच्या पद्धतीने सांगेलच, म्हणून आधी खरं काय झालं ते वाचून घे.

तीस तारखेला मागच्या बोळात माणसं मावत नव्हती. कमिशनर, वकीलबाई, समोरचे वकील, शेठजी, त्यांच्यामागे मधाचं बोट, नवा चष्मा लावून. हवालदार कडक गणवेशात. इस्त्री मीच केली होती. कमिशनरांनी आतून स्वतः खिट्टी लावली, पुढून वळसा घालून बोळात आले आणि तुझ्या नवऱ्याला नाव विचारलं. त्याने स्वतःचं सांगितलं. मी डोळे मिटून ऐकत होते. तिथेच अर्धी लढाई जिंकली असं वाटलं.

आणि मग हरतो की काय, असं झालं. अगं, तो दाराशी गेला आणि आधी लाथ मारली. दार हललं नाही. मग खांदा लावला, पण पट्टीच्या वर. मग दोन्ही एकदम केलं आणि स्वतःच मागे जाऊन हवालदारांच्या पोटावर आपटला. समोरचे वकील घड्याळ बघायला लागले. शेठजी हसले. कमिशनरांनी टोपण काढून लिहायला घेतलं, दार उघडत नाही, असंच लिहिणार होते. बादली, काच, फोन, सगळं डोळ्यांपुढून गेलं. उद्यापासून या दाराशी कुणी नसणार, हे त्या बोळात उभं राहून मला जेवढं कळलं, तेवढं आधी कधीच कळलं नव्हतं.

धाकट्याने चौथ्यांदा लाथ मारली. अगदी कीव यावी अशी. आणि मागून तो साखरेचा आवाज आला: अहो, असं नाही, आधी उचला, मग पाय! कुणी काही म्हणायच्या आत मधाचं बोट गर्दीतून पुढे आलं, धाकट्याला हाताला धरून हळूच बाजूला केलं, वाकलं, पट्टीखाली खांदा घातला, उचललं, टोला दिला. आत खिट्टी पडल्याचा आवाज बोळाच्या टोकापर्यंत गेला. दार उघडलं. आणि तो वळून सगळ्यांकडे बघून हसला, पाटी सरळ केल्यावर हसला होता ना, तसाच.

ते हसू त्याच्या तोंडावरून उतरायला बराच वेळ लागला. शेठजींचं आधी उतरलं. त्यांच्या वकिलांनी कपाळाला हात लावला. कमिशनरांनी आधीची ओळ खोडली आणि शांतपणे विचारलं, हे आपल्याला कसं माहीत? त्यावर मधाच्या बोटाने नवा चष्मा काढून पुसायला घेतला.

काल हुकूम आला. संरक्षण पुढेही चालू. शेठजी आणि त्यांच्या माणसांनी दुकानाच्या आसपास फिरकायचं नाही, मधाच्या बोटावर घरात शिरल्याचा गुन्हा वेगळा. चौकीच्या साहेबांना शांततेबद्दल दोन शब्द ऐकवले, ते वकीलबाईंनी मला दोनदा वाचून दाखवले. हवालदारांना नुसती ताकीद मिळाली. ते म्हणतात, मिळाली ते बरं, नाहीतर मास्तरीणबाईंचा कोट बटणांवाचून अर्धा राहिला असता. मागच्या दाराला पोलादी कडी बसवा, असंही हुकमात आहे.

सुतार आज दुपारी यायचा होता. आणि आता तुला सांगायची खरी गोष्ट. सकाळी मी मशीनवर बसले होते, पाठ दाराकडे. मागे खिट्टी पडली. दचकून वळले, तर तुझा नवरा बोळातून आत येत होता. एका हातात दुधाची बाटली, दुसऱ्या हातात पाव आणि वर्तमानपत्र. दार खांद्याने उचललेलं, पायाने ढकललेलं. दुधाचा एक थेंब सांडला नव्हता. मी बघते आहे हे त्याला दिसलं, तसा तो लगेच वाकडा झाला आणि पाठ धरून कण्हायला लागला.

मी विचारलं नाही. तीस तारखेला त्याने स्वतःच दार उघडलं असतं, तर चोर उघडा पडला नसता. विचारलं असतं तरी त्याने बाबांचंच नाव सांगितलं असतं. चहा केला, पहिला कप त्याला दिला आणि दुसरा मुकेकाकांपुढे ठेवला. या घरात गुपितं ठेवणारे आता दोघे झाले.

त्याला चार दिवस ठेवून घेते. तू रागावू नकोस, आणि उंदरांची व्यवस्था करून ठेव. या वेळी मी सुट्टीला म्हणून येणार आहे.

जिवाला जप, आणि त्यालाही.

तुझी
वन्सं